धाकटीनं थोरलीला झाकलं तेव्हा

आमच्या आभाळात सूर्य दोन.
थोरली पिवळी, संथ, दिवसभर रेंगाळणारी.
धाकटी निळसर, सदा घाईत,
दुपारी उगवून दुपारीच मावळणारी.
एकशे नव्वद वर्षांतून एकदा
ती थोरलीच्या अंगावरून जाते,
टोपलीभर मासळी साफ करायला लागतो तेवढा वेळ.
उजेडावर उजेड पडला की अंधार होतो,
हे सोल्ममध्ये लहान मुलांनाही पाठ,
पाहिलेलं मात्र कुणी जिवंत नव्हतं.

होती फक्त एक ओळ,
धक्क्यावरच्या मोठ्या तराजूच्या दांडीला
खालच्या अंगानं कोरलेली,
जिथे तेल घालणारीचाच हात पोचतो:
'त्या अंधारात जे येईल ते तोल.
तोलाई घेऊ नकोस.'

तेल मी घालायची.
वजनं हेवरीन करायची, चाळीस वर्षं.

आधी मिठाचे ढीग निळे झाले,
मग राखाडी,
मग मिठाचा नुसता वास उरला.
लोक आले. बोलावलं कुणीच नव्हतं.

ओर्को नावाडी आला, हात रिकामे.
पारड्यावर वाकून त्यानं शीळ घातली,
बुडालेला भाऊ घालायचा तशी, शेवटी किंचित बेसूर,
आणि पारडं खाली गेलं.
'सव्वातीन शेर,' हेवरीन म्हणाली
मीठ तोलावं तशा आवाजात.
'वाटलंच मला,' ओर्को म्हणाला,
'उजवा खांदा उगाच नाही दुखत.'

जकातदार वेस्मरनं आपला शब्द ठेवला,
बंदराला दिला होता तोच.
पारडं ढिम्म.
तराजू गंजलाय, म्हणाला.
तेल घालणारी मी. काही बोलले नाही.

एका पोरीनं अंधाराची भीती ठेवली,
ती पिसाएवढी भरली, पोर हिरमुसली.
इल्थानं न दिलेली माफी आणली होती,
नऊ वर्षं जपलेली.
ठेवायला वाकली, हात सुटेनात.
'राहू दे,' म्हणाली, 'सवय झालीय,'
आणि तशीच घेऊन गेली.

रांग संपली. अंधार अजून होता.

मापात पाप, असं आम्ही धक्क्यावर हसत म्हणायचो,
हवा दमट आहे म्हणावं तसं.
हेवरीननं इकडेतिकडे पाहिलं
आणि वजनांच्या पारड्यात
आपला अंगठा टेकवला.
नुसता टेकवला,
रोज टेकवायची तसाच,
कोळणीच्या टोपलीला गुंजभर कमी भरवणारा,
व्यापाऱ्यांना ठाऊक असलेला,
शिंपल्या विकणाऱ्या पोरांना कधीच न दिसलेला.

साखळ्या करकरल्या.
दांडी उभीच्या उभी झाली.
पारडं फरशीवर असं आदळलं
की कडेची कपची उडून पाण्यात गेली
आणि बांधलेल्या होड्या
एकामागून एक हलल्या.
'किती?' तिनं विचारलं.
दुसऱ्या पारड्यात मी टाकत होते,
शेर, अडशेरी, पाचशेरी,
नांगराचा दगड,
वजनं संपली आमच्याकडची.
'सांग ना गं. किती?'

तेवढ्यात धाकटी सटकली.
ग्रहण सुटलं.
अंगठा पुन्हा अंगठाएवढाच झाला,
नखात मिठाची किनार असलेला, म्हाताऱ्या बाईचा.
मागून कुणीतरी मासळीचा भाव विचारला.

आता वजनं मी करते.
हेवरीन पायरीवर बसून जाळी सांधते,
कुणाचीही, पैसे न घेता,
आणि कुणी का म्हणून विचारलंच तर
ऐकू येत नाही म्हणते.
उडालेल्या कपचीमुळे
काटा गुंजभर कोळ्यांकडे झुकतो.
व्यापारी कुरकुरतात.
वेस्मर दर महिन्याला चिठ्ठी धाडतो,
पारडं दुरुस्त करून घ्यावं.
घेते की, म्हणून कळवते मी.
पुढच्या ग्रहणाच्या आत.